बाळाच्या जेवणात मीठ: या चुका टाळा

सहा महिने पूर्ण होतात, बाळाला वरचं अन्न सुरू होतं. घरातलं कुणीतरी त्यातला चमचाभर चाखून बघतं, ‘अगदीच अळणी आहे’ म्हणतं आणि मिठाची चिमूट पडते. पण अळणी लागतं ते आपल्याला. बाळाने आजवर दुधाशिवाय काही चाखलेलंच नाही, आणि आईच्या दुधात सोडियम, म्हणजे मिठातला एक घटक, फार थोडं असतं. त्याच्या जिभेला नुसतं शिजवलेलं गाजरही पुरेसं चवदार असतं.

सोडियम शरीराला लागतंच, पण पहिल्या वर्षात ती गरज दुधातून आणि बिनमिठाच्या अन्नात मुळातच असलेल्या सोडियममधून भागते. जास्तीचं सोडियम बाहेर टाकण्याचं काम मूत्रपिंडांचं, आणि बाळाच्या मूत्रपिंडांची ती क्षमता अजून पूर्ण वाढलेली नसते. ब्रिटनच्या एनएचएस या सरकारी आरोग्यसेवेच्या सूचनेनुसार एक वर्षाच्या आतल्या बाळाच्या पोटात दिवसाला १ ग्रॅमपेक्षा कमी मीठ जावं. १ ते ३ वर्षांच्या मुलांसाठी ही मर्यादा २ ग्रॅम आहे.

‘चिमूटभराने काय होतंय?’

चिमटीत साधारण पाव ते अर्धा ग्रॅम मीठ येतं. दिवसातून तीन वेळा चिमूट पडली, तर १ ग्रॅमची मर्यादा तिथेच जवळजवळ संपते. शिवाय या मर्यादेत दूध, ब्रेड, चीज, सगळ्यातलं मीठ धरलेलं आहे. म्हणून वरून घालायचं मीठ शून्य ठेवणं हाच सोपा हिशोब.

सगळ्यांच्या भांड्यातून शेवटी वाटी काढणं

माझ्या मते सगळ्यात जास्त मीठ इथूनच जातं, आणि सगळ्यात सोपा उपायही इथेच आहे. घरचाच स्वयंपाक बाळाला द्या, फक्त मीठ घालायच्या आधी त्याचा वाटा बाजूला काढा. त्यासाठी मीठ शेवटी घालायची सवय लावून घ्यावी लागते. भात किंवा पास्ता शिजवताना पाण्यात मीठ टाकत असाल, तर तेही थांबवा. मोठ्यांना ताटात वरून घेता येतं.

मीठ चुकून पडलंच तर? बटाटा टाकला की तो मीठ ओढून घेतो असं सांगतात, त्यावर विसंबू नका. बटाटा पाण्याबरोबर थोडं मीठ शोषतो, पण उरलेला पदार्थ होता तितकाच खारट राहतो. पाणी घातल्याने चव सौम्य होते, पण बाळाने सगळं संपवलं तर मीठही सगळंच पोटात जातं. बिनमिठाची शिजवलेली भाजी किंवा भात मिसळून पदार्थ वाढवा आणि त्यातला थोडाच भाग द्या. फारच खारट असेल, तर त्या वेळेपुरतं कुस्करलेलं केळं किंवा उकडलेला बटाटा बरा.

न दिसणारं मीठ

मिठाच्या डब्याला हात न लावताही मीठ जातं: चीज, खारवलेलं लोणी, ब्रेड, बिस्किटं, सॉस, तयार सूप. सूपसाठी वापरतात त्या स्टॉक क्यूबच्या वजनाचा मोठा भाग मिठाचाच असतो. बाळाच्या जेवणात ती नकोच. वेष्टनावर बहुतेकदा सोडियमचा आकडा असतो. त्याला २.५ ने गुणलं की मीठ कळतं: २०० मिलिग्रॅम सोडियम म्हणजे अर्धा ग्रॅम मीठ. डबाबंद कडधान्यं किंवा भाज्या वापरायच्याच असतील, तर पाणी निथळून, स्वच्छ धुऊन घ्या.

सैंधव, समुद्री मीठ, गुलाबी मीठ हे ‘चालतं’ असं समजू नका. सगळ्यांत मुख्यतः सोडियम क्लोराइडच असतं. पोटॅशियम घातलेलं कमी सोडियमचं मीठही बाळासाठी नाही. आयोडीनची काळजी वाटत असेल, तर ते दूध, दही, अंडी, मासे यांतून मिळतं. अंगावर पाजणाऱ्या आईने स्वतःच्या जेवणात आयोडीनयुक्त मीठ वापरावं.

बाळ खातच नाही

मिठाकडे वळण्याआधी बाकीचं बघा. दूध नुकतंच झालंय का? घास फार घट्ट किंवा फार पातळ आहे का? झोप आली आहे का? नवा पदार्थ आवडायला आठ-दहा वेळाही चाखवावा लागतो. चवीसाठी भाजी वाफवण्याऐवजी भाजून बघा. जिरं, कोथिंबीर, लसूण अगदी थोडं चालतं. मध मात्र वर्षाच्या आत नको, आणि साखरही नको.

जुलाब होत असताना डॉक्टरांनी सांगितलेलं ओआरएस ‘मीठ आहे’ म्हणून टाळू नका. ते औषध आहे. पाकिटावर लिहिलेल्या प्रमाणातच पाणी घालून द्या.

आपल्या ताटातला एखादा खारट घास गेला, तर घाबरू नका, नेहमीसारखं दूध द्या. पण बरंच मीठ पोटात गेलं असेल, किंवा त्यानंतर उलट्या, खूप तहान, सततची किरकिर, सुस्ती दिसली, तर घरी उपाय करत न बसता लगेच डॉक्टरांकडे न्या.