मोलिएरचं ‘मिझांत्रोप’ गोव्यात बसवताय? या चुका टाळा

सतराव्या शतकातला फ्रेंच नाटककार मोलिएर आपल्याला परका नाही. देवलांच्या ‘संशयकल्लोळ’चं मूळ त्याच्याच एका नाटकात आहे. पण १६६६ चं ‘मिझांत्रोप’ (म्हणजे माणूसघाणा) रूपांतराला कठीण. नायक आल्सेस्त तोंडदेखलं गोड बोलायचं नाही म्हणून हट्टाला पेटलेला, आणि जीव जडलाय तो पाठीमागे सगळ्यांची टिंगल करणाऱ्या सेलिमेनवर.

नाटक हमखास घसरतं ते पहिल्या अंकात, हौशी कवी ओरोंत आपली कविता वाचून आल्सेस्तचं मत विचारतो तिथे. फोंड्याजवळच्या एका गावात जत्रेच्या नाटकाची तालीम चालली होती, तेव्हा मी ही कविता मुद्दाम भिकार लिहिली. पहिल्या दोन ओळींना हशा आला आणि प्रवेश पडला. भिकार कवितेला भिकार म्हणायला धैर्य कशाला हवं? मग मांडवी, माड, पहिला पाऊस घालून बऱ्यापैकी कविता लिहिली, कविसंमेलनात सहज टाळ्या घेईल अशी. प्रेक्षकानं आधी मनात ‘वा’ म्हणायला हवं. आल्सेस्तचा घाव मग त्यालाही लागतो.

त्याच प्रवेशात आल्सेस्त पुन्हा पुन्हा ‘मी तसं म्हणत नाही’ म्हणतो आणि दुसऱ्याच कुणाला दिलेला सल्ला म्हणून आपलं मत आडून सांगतो. पुनरुक्ती समजून हे कापू नका. खरं बोलायची शपथ घेतलेला माणूसही तोंडावर बोलताना अडखळतो, हे इथेच दिसतं. सुरुवातीपासून ओरडणारा आल्सेस्त दोन अंकांत कंटाळा आणतो.

त्याचा कोर्टातला दावाही जपून बदला. न्यायाधीशांच्या भेटीगाठी घ्यायला तो नकार देतो आणि हरतो. इथे दावा जमिनीचा करायचा मोह होईल, पण नायकाला भाटकार (जमीनमालक) केलंत तर प्रेक्षक मुंडकाराच्या, म्हणजे त्याच्या जमिनीत घर करून राहणाऱ्याच्या, बाजूनं उभा राहील.

कोकणी फक्त मोलकरणीच्या तोंडी, तीही हशा काढायला, असं अजिबात करू नका. घरात आपण सगळेच कोकणी बोलतो. मला हा अपमान वाटतो.

शेवटच्या अंकात सेलिमेनची टिंगलीची पत्रं सगळ्यांसमोर वाचली जातात; त्यांच्याऐवजी व्हॉट्सअ‍ॅपचे व्हॉइस मेसेज चालतील. तिचाच आवाज सगळ्यांसमोर वाजू द्या.

शेवटी लग्न लावू नका. सगळं सोडून माझ्याबरोबर एकांतात चल, असं आल्सेस्त सेलिमेनला म्हणतो. ती नाही म्हणते. तो निघून जातो आणि त्याचा मित्र फिलिंत व सेलिमेनची बहीण एलियांत त्याला परत आणायला धावतात. पडदा तिथेच पाडा.