बाळ खोकतंय? काढ्याआधी श्वास मोजा

पोराला खोकला लागला की घरात ओवा, मध, नाहीतर मागच्या सर्दीतली उरलेली बाटली बाहेर येते. त्याआधी एक मिनिट काढा आणि बाळाचा श्वास मोजा. सर्दीचा खोकला बहुतेक वेळा दहा-बारा दिवसांत आपला आपण जातो. न्यूमोनिया असेल तर मात्र काढे पाजण्यात घालवलेली रात्र जिवावर बेतू शकते. खोकल्याच्या आवाजावरून तो ओळखता येत नाही, श्वासाच्या वेगावरून अंदाज येतो.

मोजायचं कसं

बाळ झोपलेलं किंवा शांत हवं. रडताना किंवा अंगावर पिताना मोजलेला आकडा फसवतो. झबलं वर सरकवा, उजेड येऊ द्या आणि पोटावर नजर ठेवा. पोट वर येऊन खाली गेलं की एक श्वास. घड्याळ दुसऱ्या कुणाच्या तरी हातात द्या. पंधरा सेकंद मोजून चारने गुणू नका. तान्ही बाळं मध्येच चार-पाच श्वास भराभर घेतात, मग क्षणभर थांबतात, म्हणून पूर्ण मिनिटच मोजायचं. मोजताना आकडा चुकतो, म्हणून दर दहा श्वासांना एक शेंगदाणा बाजूला सारा. गडचिरोलीत डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांनी गावपातळीवर श्वास मोजायला मण्यांचं साधन तयार केलं, त्यातली युक्ती अशीच आहे.

दोन महिन्यांच्या आत ६०, दोन महिने ते एक वर्ष ५०, एक ते पाच वर्षं ४०. आकडा इतका किंवा याहून जास्त आला तर त्याच दिवशी डॉक्टरकडे जा. दोन महिन्यांच्या आतल्या बाळाचा लगेच पुन्हा मोजा. दुसऱ्यांदाही ६० भरले तर थेट रुग्णालय गाठा. श्वास घेताना बरगड्यांखालचा भाग आत ओढला जातोय (पोट उडतंय म्हणतात ते), बाळ पीत नाही, गळून गेलंय, ओठ निळे पडलेत, यातलं काहीही दिसलं तर मोजत बसू नका, १०८ ला फोन लावा.

आकडा कमी असेल तर

वर्षावरच्या मुलाला झोपताना चहाचा अर्धा ते एक चमचा मध द्या. वर्षाच्या आत मात्र मधाचं बोटही चाटवू नका, बाळगुटीही मधात उगाळू नका. मधात काही वेळा असलेल्या जिवाणूंच्या बीजाणूंमुळे तान्ह्या बाळाच्या आतड्यात विष तयार होऊ शकतं. नाक चोंदलं असेल तर पाजण्याआधी दोन्ही नाकपुड्यांत औषधाच्या दुकानात मिळणाऱ्या सलाइनचे दोन-दोन थेंब घाला. मालिश करताना नाकात तेल सोडायची पद्धत बंदच करा, ते फुफ्फुसात उतरतं. ओव्याची धुरी झाली तरी तो धूरच. वाफेचं पातेलं कलंडून मुलं भाजतात, आणि कापूर पोटात गेला तर झटके येतात. पाच वर्षांखालच्या मुलाला खोकल्याचं सिरप आपल्या मनाने देऊ नका.

घरीच ठेवलेल्या बाळाचा श्वास चार-चार तासांनी मोजा आणि वेळेसकट कागदावर लिहा. आठ महिन्यांच्या बाळाला नुसती "धाप लागते" म्हणण्यापेक्षा "रात्री दोनला ५४" हे डॉक्टरांना कितीतरी जास्त सांगतं.