गांधीलमाशी रंगावरून ओळखताय? या चुका टाळा

पिवळ्या-काळ्या पट्ट्यांचं काही घोंघावत आलं की घरात दोनच आवाज येतात: ‘गांधील आहे, हलू नका’ किंवा ‘झाडू आणा’. मग कोणीतरी मोबाइलवर फोटो काढतं, नेटवरच्या एखाद्या तक्त्याशी रंग जुळवतं आणि भलतंच नाव सांगून मोकळं होतं. यात त्या माणसाचा दोष कमी आणि रंगाचा जास्त. पिवळा-काळा हा इशाऱ्याचा गणवेश आहे. डंख असलेल्या अनेक जाती तोच घालतात, कारण एकदा गांधील खाऊन पस्तावलेला पक्षी पुढे तशा दिसणाऱ्या सगळ्यांनाच टाळतो. आणि ज्यांना नांगीच नाही असे कीटकही मग तोच चढवून बिनधास्त फिरतात. त्यामुळे कोणता रंग आहे यापेक्षा तो अंगावर कुठे सुरू होतो आणि कुठे संपतो, हे बघायची सवय लावा. बहुतेक घोटाळे तिथेच सुटतात.

परदेशी तक्त्यावरून नाव ठरवणं

नेटवर सहज सापडणारे तक्ते बहुधा अमेरिकेतले किंवा युरोपातले असतात. त्यात ‘यलोजॅकेट’ नावाची गांधील ठळक अक्षरात असते, आणि आपल्याकडची कोणतीही पिवळी-काळी माशी तिच्याशी थोडीफार जुळतेच. पण यलोजॅकेट म्हणजे व्हेस्प्युला या शास्त्रीय नावाचा गट. भारतात ती काश्मीर-हिमालयाच्या थंड पट्ट्यात राहते. पुण्याच्या किंवा परभणीच्या गच्चीत ती येत नाही.

तीच गत ‘जायंट हॉर्नेट’ची. अमेरिकेत ती सापडल्यापासून दर मोठ्या गांधिलीचा फोटो ‘किलर हॉर्नेट’ म्हणून व्हॉट्सॲपवर फिरतो. व्हेस्पा मँडरिनिया ही ती जात. तिचं डोकं मोठं आणि सगळंच्या सगळं नारिंगी असतं. भारतात ती हिमालयात आणि ईशान्येकडे आहे, सह्याद्रीत नाही.

न्यू जर्सीत किंवा टेक्सासात राहणाऱ्या वाचकांना मात्र तेच तक्ते उपयोगी पडतील. एवढं लक्षात ठेवा की तिथली काळी-पांढरी ‘बाल्ड-फेस्ड हॉर्नेट’ नावाने हॉर्नेट असली तरी ती यलोजॅकेटच्याच गोतावळ्यातली आहे.

पट्टे मोजणं, पण कुठून मोजायचं हे न बघणं

महाराष्ट्रात मोठ्या गांधिली म्हणून ज्या दिसतात त्यांतल्या तीन ओळखता आल्या तरी निम्मं काम होतं. तिघींच्याही पोटावर पिवळा किंवा नारिंगी पट्टा असतो आणि तिथेच गल्लत होते. पोटाचे खंड वरून मोजायचे, कमरेला लागून असलेला पहिला.

व्हेस्पा अफिनिसमध्ये पहिला आणि दुसरा असे दोन्ही खंड पिवळे-नारिंगी असतात, म्हणजे रंग कमरेपासूनच सुरू होतो. त्यामागे पोट एकदम काळं. व्हेस्पा ट्रॉपिका बघा: पहिला खंड गडद, दुसरा पिवळा-नारिंगी, पुढे पुन्हा काळा. लांबून दोन्हींचं वर्णन ‘काळी, मध्ये पिवळा पट्टा’ असंच होतं. फरक काय तो कमरेजवळच्या त्या एका खंडाचा. फोटो मोठा करून तेवढंच बघा. ट्रॉपिका असेल तर कंबर आणि पट्टा यांच्यामध्ये गडद जागा स्पष्ट दिसते.

तिसरी व्हेस्पा ओरिएंटालिस. ती कोरड्या भागातली. मिठाईच्या दुकानात जिलेबीच्या परातीवर किंवा फळांच्या गाडीवर फिरताना दिसते ती बहुधा हीच. सगळं अंग लालसर तपकिरी, तोंड पिवळं, आणि पट्टा चांगला मागे, तिसऱ्या-चौथ्या खंडावर. त्या पिवळ्यात बारीक तपकिरी ठिपके असतात. अंगात काळा रंग जवळजवळ नाही, एवढी एक खूण धरली तरी ही चुकत नाही.

घर दिसलं तर खात्री आणखी वाढते. अफिनिस झाडावर किंवा छपराखाली कागदी आवरणाचं मोठं बंद घर बांधते. ट्रॉपिका आणि ओरिएंटालिस बहुतेक वेळा जमिनीतल्या बिळात, ढोलीत किंवा भिंतीच्या पोकळीत असतात. बाहेरून फक्त येजा दिसते.

मोठी दिसली म्हणजे राणी

खिडकीच्या वर उघड्या घरांचं छोटं कागदी पोळं आहे, त्यावर बारीक तपकिरी माश्या आहेत, आणि एक दिवस मधोमध दुप्पट-तिप्पट आकाराची काळी-पिवळी माशी येऊन बसते. ‘राणी आली’ म्हणून तिचा फोटो पाठवला जातो. ती राणी नाही, लुटारू आहे. व्हेस्पा ट्रॉपिका कागदी पोळ्यांवर धाड घालते, घरांतल्या अळ्या आणि कोश ओढून काढते आणि पोरांना खाऊ घालायला घेऊन जाते. पोळ्याच्या मूळ मालकिणी बहुतेक वेळा बाजूला होऊन बघत राहतात. अशा वेळी ‘घरात मोठ्या गांधिलींचं पोळं झालंय’ असं समजून घाबरू नका. तिचं घर दुसरीकडेच आहे.

मग त्या बारीक माश्यांची खरी राणी कोणती? रंगावरून सांगता येणार नाही. आपल्या घराच्या वळचणीला सर्रास सापडणारी रोपालिडिया मार्जिनाटा, म्हणजे विटकरी तपकिरी अंगाची आणि पोटाच्या दुसऱ्या खंडाच्या मागच्या कडेला पिवळी रेघ असलेली, हिच्यात राणी आणि कामकरी माश्या दिसायला एकसारख्या. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेत राघवेंद्र गदगकर यांनी अनेक वर्षं याच जातीचा अभ्यास केला. प्रत्येक माशी ओळखू यावी म्हणून त्यांच्या प्रयोगशाळेत माश्यांच्या अंगावर रंगाचे ठिपके देतात. तिथे दिसलेली गंमत अशी की या जातीची राणी उलट शांत, गप्प असते. तिला उचलून बाजूला ठेवलं की एक कामकरी माशी अचानक दांडगाई करू लागते आणि तीच पुढची राणी होते. आयुष्यभर अभ्यास करणाऱ्यांना ठिपके द्यावे लागतात, तर आपण फोटोवरून राणी शोधू नये हे बरं.

नर-मादी मात्र थोडं बघितलं तर कळतात. नांगी फक्त मादीला असते, कारण ती मुळात अंडी घालायच्या अवयवापासून बनलेली. मादीच्या मिशीला 12 पेरं, नराच्या 13. काही कुंभारणींच्या, म्हणजे मातीचं घर बांधणाऱ्या माश्यांच्या, नरांत मिशीचं टोक आकड्यासारखं वळलेलंही दिसतं.

चमकदार रंग म्हणजे जास्त विषारी

हा समज कुठून आला देव जाणे, पण निळी किंवा हिरवी चमकणारी माशी दिसली की लोक पिवळीपेक्षा जास्त घाबरतात. खरं तर चमकणाऱ्या बहुतेक जाती एकेकट्या राहणाऱ्या असतात. राखायला पोळं नाही, त्यामुळे अंगावर धावून येण्याचं कारणच नाही.

मोरी किंवा गच्चीजवळ हिरवी-निळी, मागच्या मांड्या लालभडक असलेली सडपातळ माशी दिसली तर ती अँप्युलेक्स कॉम्प्रेसा. झुरळ हे तिचं सावज. डंख थेट झुरळाच्या मेंदूत मारते, त्याची पळण्याची इच्छाच मारून टाकते, मग मिशी धरून त्याला चालवत बिळात नेते आणि त्याच्यावर अंडं घालते. ही मारणं म्हणजे स्वतःचं नुकसान.

पातळ कमरेची गर्द निळी माशी बहुधा कॅलिबिऑन बेंगालेन्स. ती कोळी पकडते आणि दुसरीने बांधून सोडलेल्या मातीच्या घरातही संसार थाटते. आणि जाडसर, हिरवी-निळी, अंगावर खड्डे-खड्डे असलेली, हात लावला तर गोळा होणारी, ती कोकिळेच्या चालीने वागणारी स्टिल्बम. ती कुंभारणीच्या घरात गुपचूप अंडं घालते.

इथे थोडं थांबतो. कुंभारीण, म्हणजे मातीचं घर बांधणारी, अळी डंख मारून लुळी करते, घरात कोंबते, अंडं घालते आणि तोंड लिंपून जाते. काही दिवसांनी त्याच घरातून नवी कुंभारीण बाहेर येते. यावरूनच अद्वैताच्या ग्रंथांत कीटभृंगन्याय आला: भृंगीचं, म्हणजे या कुंभारणीचं, सतत ध्यान करून अळी स्वतःच भृंगी होते. ज्यांनी हे टिपलं त्यांचं निरीक्षण पक्कं होतं, फक्त मधलं अंडं नजरेतून सुटलं. आणि कधीकधी त्याच घरातून कुंभारणीऐवजी हिरवी चमकणारी स्टिल्बम बाहेर पडते! म्हणून घर ओळखलं म्हणजे आतली माशी ओळखली, असं धरून चालू नका.

कुंभारणींतही दोन घराणी नेहमी एकमेकांत मिसळली जातात. डेल्टा पिवळी, पोटावर काळे-तपकिरी पट्टे. कंबर देठासारखी लांब आणि मागे रुंद होत जाणारी. तिच्या घरात हिरव्या अळ्या निघतात. स्केलिफ्रॉन काळी, पायांवर पिवळा रंग, कंबर सरळ तारेसारखी. तिच्या मातीच्या नळ्या फोडल्या की आत कोळीच कोळी.

शेतात हुमणीने (पिकाची मुळं खाणाऱ्या अळीने) त्रासलेल्यांनी आणखी एक ओळखून ठेवावी: केसाळ, जाड अंगाची, धुरकट पंखांची, जमिनीलगत घिरट्या घालणारी स्कोलिया कुळातली माशी. तिची अळी हुमणीवर वाढते. तिला गांधील समजून फवारणी करणं हा शुद्ध वेडेपणा.

जी गांधील नाहीच, तिलाच गांधील म्हणणं

पंख मोजा. गांधिलीला चार, घरमाशीच्या जातकुळीला दोन. फुलावर हवेत एका जागी थांबणारी, मोठ्या डोळ्यांची, अगदी तोकड्या मिशांची पट्टेरी माशी फुलमाशी असते, चावत नाही. दिवसा उडणारे, काळ्या पंखांवर पारदर्शक खिडक्या आणि पोटावर पिवळे पट्टे असलेले पतंगही फसवतात. त्यांचं उडणं मंद आणि जड असतं. व्हेस्पा, रोपालिडिया आणि डेल्टा बसल्यावर पंख लांबीत दुमडतात, म्हणून ते अरुंद दिसतात. ही खूण रंगापेक्षा भरवशाची.

आग्या मोहोळाची माशीही पुढून नारिंगी, मागून काळी असते. तिच्या छातीवर केस असतात, आणि डंख मारल्यावर काटा कातडीत राहतो. गांधिलीचा राहत नाही. म्हणून ती पुन्हा पुन्हा चावू शकते.

मेलेल्या माशीवर किंवा फ्लॅशवर विश्वास

कोशातून नुकतीच निघालेली माशी फिकी असते. सायनाइडच्या बाटलीत मारलेल्या नमुन्यांत पिवळ्याचा लाल होतो, म्हणून जुन्या संग्रहांतले फोटो जपून वापरा. हिरवा-निळा चमकता रंग तर बघायच्या कोनावर ठरतो. एकच माशी सकाळी हिरवी आणि दुपारी निळी वाटू शकते. आकाराचंही तसंच, शेजारी नाणं किंवा पान नसेल तर अंदाज हमखास चुकतो.

नाव अडलंच तर तीन फोटो काढा: वरून पोट, बाजूने कंबर, समोरून तोंड. झूम वापरा, जवळ जाऊ नका. आयनॅचरलिस्ट किंवा इंडिया बायोडायव्हर्सिटी पोर्टल या जीव ओळखून देणाऱ्या संकेतस्थळांवर टाकताना गाव, महिना आणि घर कशाचं होतं तेही लिहा. ॲपने आपोआप सुचवलेलं पहिलं नाव हे फक्त सूचना समजा. गावाशी जुळत नसेल तर सोडून द्या.

व्हेस्पाचं मोठं बंद घर असेल तर ओळख पटवण्याच्या नादात दगड, धूर, काठी काही नको. चिरडलेल्या गांधिलीच्या वासाने बाकीच्या चवताळून येतात. एकदम बरेच डंख बसले तर किडनीवर परिणाम होऊ शकतो. एकाच डंखाने अंगभर गांधी उठल्या, ओठ सुजले किंवा श्वास लागला तर कोणती जात होती हे शोधत बसू नका, लगेच दवाखाना गाठा.

कुंभारणीचं घर मात्र खुशाल राहू द्या. त्याला बाहेरून गोल भोक पडलेलं दिसलं की आतली उडून गेलेली असते. मग ओलं करून खरवडलं की निघतं.