कारवान घरी आणण्याआधी परसदाराची तयारी

कारवान जातीचं शिकारी कुत्रं आणताना जेवणाची भांडी, लसींचं कार्ड, जनावरांच्या डॉक्टरांचा नंबर हे सगळं ज्याचं त्याला ठाऊक असतं. इथे फक्त परसदाराचं बोलू, कारण मागच्या खेपेला असं कुत्रं आणलं तेव्हा चूक तिथेच झाली. कारवान म्हणा, मुधोळ म्हणा, झुपकेदार केसांचा असला तर पश्मी म्हणा, हे कुत्रं वासावर नाही, नजरेवर शिकार करतं. लांब बांधावर काही हललं की त्याची मान ताठ होते, आणि त्या घटकेपासून तुमची हाक त्याच्या कानात शिरत नाही. त्याला शिकवून, दामटून हे थांबत नाही. थांबवायचं काम कुंपणाचं आहे.

सगळ्यात आधी भिंतीची उंची. सहा फूट हवी, आतल्या बाजूने. बाहेरून मोजून सहा आली म्हणून समाधान मानू नका. आत बागेसाठी माती भरलेली असते, वर्षानुवर्षं पालापाचोळा साठून जमीन वर आलेली असते, आणि बाहेरची सहा फूट भिंत आतून सव्वापाच भरते. पूर्ण वाढलेला नर खांद्याशी साधारण सव्वादोन फूट असतो. मागच्या पायांवर उभा राहिला की पुढचे पंजे साडेचार-पाच फुटांवर जातात, म्हणजे पाच फुटी भिंतीचा माथा त्याला धरता येतो. भिंत उंच करणं परवडत नसेल तर माथ्यावर लोखंडी पट्ट्या आतल्या बाजूला कलत्या बसवून त्यावर दीड फूट जाळी ताणा. कल आतच हवा. बाहेर कललेली जाळी चोराला अडवते, कुत्र्याला नाही.

आता मुख्य मुद्दा, आणि मागच्या खेपेला नेमका हाच राहून गेला होता. भिंतीची उंची जमिनीपासून मोजायची नसते. कुत्र्याला पाय ठेवता येईल अशी भिंतीजवळची जी सर्वांत उंच जागा असेल, तिथपासून मोजायची. भिंतीलगत अडीच फुटी ड्रम ठेवला की तुमची सहा फुटी भिंत साडेतीन फुटांची झाली, आणि साडेतीन फूट हे जनावर जागेवरून उडी मारून ओलांडतं, धावायचीही गरज पडत नाही. ड्रम, सरपणाची रास, विटांचा थर, धुण्याचा दगड, उलटी ठेवलेली घमेली, कडब्याची गंज, पाण्याची मोटर झाकायला बांधलेला चौथरा, उभी केलेली दुचाकी, एसीचा बाहेरचा भाग, तुळशी वृंदावन, कापलेल्या झाडाचं खोड, मोठी कुंडी: यातलं काहीही भिंतीपासून आठ फुटांच्या आत नको. दीड फुटापेक्षा उंच ते सगळं पायरीच समजा. जागा लहान असेल तर या वस्तू घराच्या भिंतीला टेकवा, कुंपणाच्या भिंतीला नाही. हलत नसेल अशी वस्तू, समजा धुण्याचा दगड किंवा चौथरा, तर तिच्यासमोरची भिंत दोन्ही बाजूंना चार-चार फूट जास्त घेऊन तेवढ्या पट्ट्यात आठ फूट उंच करा. हे खर्चिक वाटेल, तरी करा.

कोपरेही याच हिशेबात येतात. दोन भिंती काटकोनात मिळतात तिथे कुत्रं एका भिंतीवर पाय मारून दुसरीवर चढतं. चारही कोपऱ्यांत माथ्याला तिरकी जाळी मारून छत केल्यासारखा त्रिकोण बंद करा. कोकणात चिरा न लिंपलेला असतो. जांभ्याच्या त्या खडबडीत अंगाला आणि सांध्यांच्या खाचांना नखं छान अडकतात, ती भिंत नाही, शिडी आहे. आतून निदान वरचे चार फूट गिलावा करून गुळगुळीत करा. आणि नुसता दगडांचा गडगा असेल तर त्याच्या भरवशावर कारवान आणूच नका. उंची कमी, पाय ठेवायला जागा हजार, वर फटींत साप.

जाळीचं कुंपण करणार असाल तर दोन इंची चौकडीची, जाड तारेची जाळी घ्या. पातळ तार पंजांच्या रेट्याने महिन्याभरात फुगते. पिल्लू असेल तर खालचे दोन फूट एक इंची जाळीचा दुसरा थर, नाहीतर डोकं अडकतं. खांब आठ फुटी, त्यातले दोन फूट काँक्रिटमध्ये, खांबांमधलं अंतर आठ फुटांपेक्षा जास्त नको. बाहेरचं दिसू नये म्हणून हिरवी शेडनेट जरूर बांधा, कारण दिसणं थांबलं की निम्मी ओढ थांबते. पण ती बाहेरच्या बाजूने बांधा. आतून बांधली तर दोन दिवसांत चिंध्या होतात आणि त्या तो गिळतो. शेडनेट शिडासारखी वारा धरते, वळवाच्या वादळात वाकायचे ते खांब याच्यामुळे वाकतात, म्हणून कोपऱ्यातल्या खांबांना तिरके टेकू द्याच. काटेरी तार आणि भिंतीवरच्या काचा सरळ काढून टाका. या कुत्र्याची कातडी पातळ, अंगावर चरबी नाही, वेगात घासलं तर वीतभर फाटते आणि टाक्यांशिवाय जमत नाही.

खालून निसटणं. कुंपणाच्या पायथ्याशी दोन फूट रुंद जाळी आतल्या बाजूला जमिनीवर आडवी पसरा, उभ्या जाळीला दर सहा इंचांवर तारेने बांधा, वर चार बोटं मुरूम आणि दगड. कुत्रं नेहमी कुंपणाला चिकटून उकरतं, दोन फूट मागे सरून उकरायचं त्याला सुचत नाही. मराठवाड्यातल्या आणि सोलापूरकडच्या काळ्या मातीत एवढ्याने भागत नाही. ती माती उन्हाळ्यात भेगाळते, पावसात फुगते. मार्चमध्ये जमिनीला टेकलेली जाळी मे महिन्यात चार बोटं वर लटकलेली दिसते आणि खांब कलतात. खांबाच्या खड्ड्यात काळी माती परत भरू नका, मुरूम ठोकून भरा, आणि पायथ्याशी फूटभर खोल चर खणून त्यात दगड-मुरूम धुम्मस करा. पाणी बाहेर जायच्या मोरीला लोखंडी गज लावा, दोन गजांत एक इंचापेक्षा जास्त अंतर नको. मोरीची भोकं लोक विसरतात. ज्या भोकात त्याचं डोकं शिरलं त्यात सगळं अंग शिरलं समजा, या जातीची छाती खोल असली तरी अरुंद असते.

हे सगळं करून झाल्यावर पुन्हा एकदा भिंतीच्या कडेने फिरा. गवंडी काम संपवून गेलाय आणि उरलेल्या विटा भिंतीलाच रचून गेलाय. हमखास. उचला त्या आजच.

फाटक आत उघडणारं हवं, म्हणजे कुत्र्याने आतून धक्का दिला तर ते उलट बंदच होतं. खालची फट दोन इंचांच्या आत, त्यासाठी उंबरठा ओता. नुसती वर उचलायची कडी चालत नाही, नाकाने उचलायला तो चार दिवसांत शिकतो. सरकवायची कडी आणि तिच्यात अडकवायचा स्प्रिंगचा हूक. जमत असेल तर फाटकाच्या आत चार फूट बाय चार फूट जाळीचा पिंजरा करून त्याला दुसरं दार लावा. दूधवाला, पार्सलवाला, गॅसवाला फाटक उघडं टाकतात, तेव्हा दुसरं दार बंद असतं. फाटकाच्या आडव्या पट्ट्याही बघा. खालून दोन-अडीच फुटांवर आडवी पट्टी असेल तर ती पायरीच आहे, आतून सपाट पत्रा मारा.

आतल्या जमिनीकडे आता. हे जनावर वळणावर वेग कमी करत नाही, तेव्हा धावण्याच्या वाटेत कपडे वाळत घालायची तार, बाहेर आलेला नळ, पाइपचं तोंड, खुंट काही नको. बारीक तार वेगात दिसत नाही आणि गळ्याला लागते. दोरी सहा फुटांवर न्या किंवा गच्चीत. शहाबादी फरशी पावसाळ्यात निसरडी, उन्हाळ्यात तवा. खडी नको, पंजे फाटतात. दाबलेला मुरूम आणि त्यावर हरळी, हेच चांगलं. सराटे आणि कुसळीचं गवत मुळासकट काढा. कुसळ दिसायला काडीएवढं, पण एकाच दिशेने पुढे सरकतं. बोटांच्या बेचक्यात शिरलं की वर भोक बुजतं, आत पू होतो, आणि कुत्रं आठवडाभर पंजा चाटत बसतं तरी बाहेरून काही दिसत नाही. कानात गेलं तर आणखी वाईट.

झाडं: कण्हेर, बिट्टी, एरंड, धोतरा, गुंज, घाणेरी, सायकस हे कुत्र्याच्या तोंडाला लागेल असं ठेवू नका. सायकसची बी आणि एरंडाची बी विशेष वाईट. उंदरांचं औषध परसात टाकू नका, ते खाल्लेला उंदीर खाऊनही कुत्रं मरू शकतं. फवारणीचं औषध आणि युरिया कुलपात. कुंपणाजवळचा पेरू किंवा शेवगा खाली वाकला असेल तर फांद्या छाटा. तिथे खार बसते, तिच्यामागे तो खोडावर पाय देतो, आणि खोड भिंतीपासून चार फुटांवर असतं. परत तीच पायरी.

विहीर असेल तर जाळीने झाकलेली हवी, नुसता कठडा पुरत नाही, सशाच्या वेगाने आलेलं कुत्रं कठड्यावरून जातं. शेततळं असेल तर त्याला वेगळं कुंपण. प्लास्टिकच्या कागदावर पाय टिकत नाही, पोहून दमतं आणि बुडतं. तोवर एक जाड दोरखंडाची जाळी काठावर बांधून पाण्यात सोडून ठेवा.

सावली आणि खोपटं. एप्रिल-मेत पत्र्याखाली ठेवाल तर भाजेल, पत्र्यावर पाचट किंवा कडबा घाला. खोपटं चार बाय तीन फूट, तळ जमिनीपासून सहा इंच वर, दार वाऱ्याकडे नको. आत गोणपाट दुहेरी, कारण कोपरांवर मांस नाही, फरशीवर झोपून घट्टे पडतात आणि पुढे ते फुटतात. थंडीत लहान केसांच्या कारवानला अंगावर झूल लागते. पाण्याची दोन भांडी, एक दगडी डोणी, उलटता येणार नाही अशी. आणि खोपटं कुठे? घराच्या भिंतीला. खोपट्याचं छप्पर म्हणजे तीन फुटांचा चौथरा, तो कुंपणाला लावला तर वर लिहिलेलं सगळं फुकट गेलं. ही जागा लोक सावली बघून ठरवतात, आणि सावली नेमकी भिंतीच्या पायथ्याशी असते, म्हणून खोपटं तिथे जातं. सावली भिंतीची नको, शेडनेटचं छत करा किंवा घराची घ्या.

साप. घोणस, नाग, मण्यार उंदरांमागे येतात, उंदीर सरपणात आणि धान्याच्या सांडलवंडीत राहतात. रास जमिनीपासून फूटभर वर, मोकळ्यावर, दर महिन्याला हलवा. आणि कुंपणापासून लांब, हे वेगळं सांगायला नको. गोचिडासाठी भिंतीच्या भेगा सिमेंटने बुजवा. औषध डॉक्टरांना वजन सांगूनच, कारण या सडपातळ जातींना काही औषधं जास्त बाधतात.

जुन्नर, आंबेगाव, खेड, शिरूर, संगमनेर या उसाच्या पट्ट्यात राहत असाल तर रात्री कुत्रं परसात ठेवूच नका. बिबट्याला सहा फुटी भिंत ही भिंत नाही. घरात घ्या किंवा वरून छत असलेल्या पक्क्या खोलीत. बिबट्यासाठी आणि माजावरच्या मादीकडे येणाऱ्या गावकुत्र्यांसाठी भिंतीच्या बाहेरची बाजूही बघावी लागते. बाहेर रचलेली माती-विटा त्यांची पायरी आहे.

साखळीला बांधून परसदाराची कामं टाळू नका. जोरात धावून साखळीच्या टोकाला झटका बसला तर मानेला इजा होते. दिवसभर बांधून ठेवणं 1960 च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्यातही बसत नाही. कुत्रं बाहेर निसटून ससा किंवा काळवीट मारलं तर 1972 चा वन्यजीव कायदा आहे, तिथे 'चुकून सुटलं' एवढं म्हणून सुटका होईलच असं नाही. गळपट्टा दीड-दोन इंच रुंद, ताणल्यावर घट्ट होणारा. याचं डोकं मानेपेक्षा अरुंद, साधा पट्टा मागे सरून निघतो. पट्ट्याला नंबर कोरलेली पाटी.

पहिले दहा दिवस परसातही दोरीवर. रोज सकाळ-संध्याकाळ पळवायला न्या, कितीही मोठं परसदार त्याला पुरत नाही. दिवाळी, गणपती, लग्नाची वरात अशा फटाक्यांच्या दिवशी घरात. पाहुणे, गवंडी, माळी, विजेचा माणूस येऊन गेले की परसात कुत्रं सोडण्याआधी एक फेरी: मोरीचे गज, फाटकाची कडी, आणि भिंतीलगत काय आलं ते. माळी शिडी टेकवून जातो, घरचा कोणी ऊन लागावं म्हणून गाद्यांची चवड भिंतीला लावतो. ती आधी उचला, मग दार उघडा.