काल्पनिक जगाचं कॅलेंडर कसं बनवायचं: आधी चंद्र, मग बाजार, नावं शेवटी

फँटसी गोष्ट लिहायला घेतली की पहिला हात जातो महिन्यांच्या नावांकडे. मीही तेच केलं होतं, वहीची चार पानं भारी भारी नावांनी भरली आणि मग लक्षात आलं की या महिन्यांत पाऊस कधी पडतो तेच ठरवलेलं नाही. त्यामुळे नावं सध्या बाजूला ठेवा.

आधी दोन आकडे ठरवा. ऋतू फिरून जागेवर यायला किती दिवस, आणि एका अमावास्येपासून पुढच्या अमावास्येपर्यंत किती. आपल्याकडे हे साधारण ३६५.२४ आणि २९.५३. बारा चांद्रमहिन्यांचे होतात ३५४, म्हणजे वर्षाला ११ दिवस कमी पडतात, ते साठत जाऊन ३२-३३ महिन्यांनी अधिक महिना येतो आणि जावयाला अनारसे मिळतात. सगळी मजा या तुटीत आहे. म्हणून ३० दिवसांचे १२ महिने असा सरळ हिशोब करू नका, तो कागदापुरता बरा.

माझ्या जगात वर्ष ३४० दिवसांचं, चंद्राचा फेरा ३२ दिवसांचा. दहा महिने म्हणजे ३२०, उरले २०. पहिल्या वर्षी २० मागे, दुसऱ्या वर्षी ४०, म्हणजे ३२ च्या वर गेले, घाला अधिक महिना, उरले ८. असंच पुढे मांडत गेलं की दुसऱ्या, चौथ्या, पाचव्या, सातव्या आणि आठव्या वर्षी अधिक येतो आणि आठ वर्षांनी बाकी बरोब्बर शून्य. हे कागदावर स्वतः करून बघा, दहा मिनिटं लागतात. चंद्र दोन ठेवायचा मोह होईल, पहिल्यांदा तरी नको, डोकं फिरतं.

मग वार. सात वारांचं आपल्याला इतकं अंगवळणी पडलंय की दुसरं सुचतच नाही, पण वार म्हणजे शेवटी बाजाराचा दिवस. बेळगावात शनिवार म्हटलं की आसपासच्या गावांना आधी बाजार आठवतो. म्हणून मी नदीकाठी सहा गावं धरली, प्रत्येकाचा एक बाजार, म्हणून सहा वारांचा आठवडा. टेबलावर वह्याच्या वह्या बघून शेजारच्या काकू म्हणाल्या, "काय करूलालास रे एवढं, परीक्षा आहे काय?" मी समजावलं. त्यांनी सरळ विचारलं की पाडव्याचा बाजार मग कुठल्या गावाला?

मोजून बघितलं तर घोळ निघाला. ३२ पण सम, ६ पण सम, त्यामुळे महिन्याचा पहिला दिवस पहिल्या, तिसऱ्या नाहीतर पाचव्या वारीच येतो, कितीही वर्षं गेली तरी! अधिक महिना घातला तरी फरक नाही. म्हणजे तीन गावांना नव्या वर्षाचा बाजार जन्मात मिळणार नाही. आधी वाटलं आकडे बदलावेत, मग तसंच ठेवलं, कारण त्या तीन गावांनी स्वतःचं वर्षच एक दिवस उशिरा सुरू केलं आणि माझ्या गोष्टीला भांडण फुकटात मिळालं.

भांडणाचंच म्हणाल तर आपल्याकडे बघा. बेळगावात शिवजयंती परंपरेने वैशाख शुद्ध द्वितीयेला, चित्ररथ त्याच वेळी निघतात, सरकारी महाराष्ट्रात १९ फेब्रुवारी, आणि तिथीवाल्यांची फाल्गुन वद्य तृतीया. मुळात वाद जन्मसाल १६२७ की १६३० असा. बैलांचा सण आमच्या बेळगाव भागात ज्येष्ठ पौर्णिमेला, म्हणजे कन्नडमधल्या कार हुण्णिमेला, विदर्भात पोळा श्रावण अमावास्येला. याउलट पाडवा आणि उगादी एकाच दिवशी, कारण मराठी आणि कन्नड दोन्ही महिने अमावास्येला संपतात, फक्त काही नावं थोडी वेगळी, जसं आपला आश्विन त्यांचा आश्वीज. आणि १ नोव्हेंबर, १९५६ पासून एकाच बेळगावात कुणाचा कर्नाटक राज्योत्सव, कुणाचा काळा दिन. तुमच्या जगातही निदान एक तारीख अशी असू द्या जिच्यावर दोन घरांची तोंडं दोन दिशांना होतात. सगळ्या राज्याचं एकच कॅलेंडर असेल तर ते कुणी आणि कसं लादलं ते लिहा.

शक कुठून मोजायचा ते पटकन ठरवा, राजाचा राज्याभिषेक, मोठा पूर, काहीही चालेल.

आता नावं. ती शेतातून घ्या. आमच्याकडे मे अखेरीला रोहिणीत कोरड्या रानात भात पेरतात, त्याला धूळवाफ म्हणतात, मग मृग लागतो ७ जूनच्या आसपास. त्या धर्तीवर माझ्या जगात पहिला महिना धूळवाफ, मग चिखलणी, भात पोटरीला येतं, म्हणजे आतल्या कणसाने पोट फुगतं, तो पोटरी, पुढे मळणी. वाचणाऱ्याला नाव ऐकूनच कळतं की बाहेर चिखल आहे की ऊन, वेगळं सांगावं लागत नाही. अधिक महिन्याला मात्र नाव देऊ नका, माझ्या जगात लोक त्याला नुसतं 'उरलेला' म्हणतात, त्यात लग्नं होत नाहीत, आणि त्यात जन्मलेल्या पोराचा वाढदिवस कधी धरायचा हा घरातला कायमचा वाद.

शेवटी आठ वर्षांचं सगळं एक्सेलमध्ये टाका आणि लिहून झालेली प्रकरणं त्याच्याशी ताडून बघा. चुका तारखांत कमी, बोलण्यात जास्त सापडतात. माझी एक म्हातारी "नऊ महिने नऊ दिवस पोटात वाढवलं" म्हणाली होती, तिथल्या हिशोबाने ते २९७ दिवस झाले, बिचारी! पंधरवडा तिथे सोळा दिवसांचा, म्हणजे सोळवडा. आणि विहिरीला बारमाही पाणी असं बिनधास्त लिहून गेलो होतो, वर्षाला महिनेच दहा असताना.