तीन जणांची काउन्सिल आणि त्यातला मी
कॅनडात अल्बर्टातल्या एखाद्या व्हिलेजमध्ये राहताय आणि काउन्सिलला उभं राहावं असं डोक्यात आलंय? मी २०२१ ते २०२५ एक टर्म काढली, त्यावरून सांगतो.

उभं राहणं सोपं आहे हो. वय १८ पूर्ण, नॉमिनेशनच्या आधी सलग सहा महिने तिथलेच रहिवासी, किमान ५ मतदारांच्या सह्या आणि कॅनडाची सिटिझनशिप, नुसत्या पीआरवर (पर्मनंट रेसिडेन्सीवर) चालत नाही. सह्या मला आमच्या मोटेलच्या काउंटरवरच मिळाल्या. जागा तीन, फॉर्मही तीनच, म्हणजे बिनविरोध! मेयर पण सहसा आपल्यातलाच एक, दरवर्षी काउन्सिलच ठरवते.

पहिल्याच हिवाळ्यात माती खाल्ली. उणे तीसमध्ये एका आजींचा फोन, ग्रेडरने (रस्त्यावरचा बर्फ बाजूला ढकलणाऱ्या यंत्राने) ड्राइव्हवेसमोर बर्फाचा बांध घातलाय, गाडी निघत नाही. मी नगरसेवकाच्या थाटात थेट ग्रेडरवाल्याला फोन लावला, तो बिचारा गेला पण, आणि त्या नादात स्कूलबसचा रस्ता तसाच राहिला. दुसऱ्या दिवशी सीएओ (चीफ अ‍ॅडमिनिस्ट्रेटिव्ह ऑफिसर) बाईंनी ऑफिसात बोलावलं, कॉफी दिली आणि शांतपणे म्हणाल्या, तो माझ्या हाताखाली आहे, तुमच्या नाही. सीएओ म्हणजे साधारण आपल्या ग्रामसेवकासारखं पद, पण नेमते काउन्सिलच. तुम्ही एकटे असताना तुम्हाला कुणालाही काम सांगायचा अधिकार नाही, जे काय करायचं ते मीटिंगमध्ये ठराव करून. नवीन माणसाला हे पचायलाच वर्ष जातं, मला तरी गेलं.

दुसरं, स्वतःच्या पैशाचा संबंध आला की सांगून उठायचं. माझ्याच मोटेलच्या पाणीबिलावरचा दंड माफ करायचा अर्ज आला तेव्हा मी सांगून बाहेर जाऊन बसलो, आत उरले दोघं, एक हो म्हणाला एक नाही, आणि बरोबरीत ठराव पडतो. भरला दंड गुपचूप. बाकी वेळी तटस्थ राहायची सोय नाही, हजर असाल तर मत द्यावंच लागतं.

टॅक्सची नोटीस गेली की पोस्ट ऑफिसात टपाल घ्यायला जायची चोरी. त्यातला एज्युकेशनचा हिस्सा प्रॉव्हिन्सचा, आपण फक्त गोळा करून पुढे द्यायचा, पण शिव्या आपल्यालाच. मी शेवटी नोटीसच खिशात ठेवायला लागलो, कुठली ओळ कोणाची ते बोट ठेवून दाखवायचो.

आणि इंडिया ट्रिपचं आधी बघा. सलग आठ आठवड्यांतल्या सगळ्या रेग्युलर मीटिंगा बुडवल्या तर पद जातं, काउन्सिलकडून ठरावाने वेळेत रजा मंजूर करून घेतली असेल तर वाचतं. आईच्या ऑपरेशनला निघालो तेव्हा तिकिटाआधी मी तो ठराव करून घेतला होता, आणि त्या ठरावावर मलाही हात वर करावा लागला.