जाहिरात छापली, पण फोन वाजला नाही? जाहिरातीचा मजकूर (कॉपी) लिहिताना या चुका टाळा

चौकात फ्लेक्स लागला, पेपरात पॅम्प्लेट पडलं, स्टेटसला पोस्ट फिरली. दुकानात मात्र रोजचीच चार गिऱ्हाइकं. मालक म्हणतो डिझाइन चुकलं, डिझायनर म्हणतो बजेट कमी पडलं. मजकुराकडे कुणी बघत नाही. मराठवाड्यात लिहिणाऱ्याला काम भरपूर आहे: जालन्याच्या बियाणे कंपन्या, लातूरचे क्लासेस, संभाजीनगरचे बिल्डर, नांदेड-परभणीची कापड दुकानं. पण यातला बराचसा मजकूर मालक खूश व्हावा म्हणून लिहिलेला असतो. पैसे मोजणाऱ्याला त्यातून काहीच कळत नाही.

काउंटरवर न बसता लिहिणं

ही सगळ्यात महागात पडणारी चूक. सोयाबीन बियाण्याचंच घ्या. 'भरघोस उत्पन्नाची हमी! बळीराजाचा खरा सोबती!' ही ओळ पंपाला चालते, ट्रॅक्टरला चालते, पतसंस्थेलाही चालते. म्हणजे ती कुणाचीच नाही. जूनच्या पहिल्या आठवड्यात एखाद्या कृषी सेवा केंद्रात दुपारभर बसा आणि गिऱ्हाईक काय विचारतं ते वहीत उतरवा. 'उगवण कशी आहे?' 'किती दिवसांचं वाण?' 'काढणीच्या वेळी पाऊस लागला तर शेंग फुटते का?' 'हार्वेस्टरनं काढलं तर खाली किती राहतं?' 'मागच्या साली शेजाऱ्यानं हेच पेरलं होतं, त्याला यलो मोझॅक रोग आला, त्याचं काय?' या प्रश्नांतच तुमची जाहिरात आहे. आणि हो, तिथं कुणीही स्वतःला बळीराजा म्हणत नाही.

आता तोच मजकूर असा होतो: 'खालची शेंग जमिनीपासून उंच लागते, त्यामुळे हार्वेस्टरनं काढताना रानात राहत नाही. पीक वाळल्यावर काढणी चार दिवस लांबली तरी शेंग लवकर फुटत नाही.' अर्थात, कंपनीच्या चाचणीच्या नोंदींत तसं असेल तरच. नोंद मागा. ती दाखवायला कंपनी टाळाटाळ करत असेल, तर ती ओळ लिहू नका.

आकड्यांचंही तसंच. 'शंभर टक्के उगवण' असं छापणाऱ्याला शेतकरी मनातल्या मनात हसतो. प्रमाणित सोयाबीन बियाण्याला उगवणीची किमान मर्यादाच ७० टक्के आहे. आणि जाणता माणूस पेरणीआधी घरी शंभर दाणे ओल्या गोणपाटात गुंडाळून ठेवतो, कोंब आले की मोजतो. कोरडवाहू रानात एकरी सहा-सात क्विंटलवर समाधान मानणाऱ्या माणसाला 'एकरी २० क्विंटल हमखास' म्हणालात, तर पुढची खरी ओळही तो वाचत नाही. त्यापेक्षा 'पेरण्याआधी घरी उगवण तपासून बघा' असं तुम्हीच छापा. असं सांगणारी जाहिरात त्यानं फारशी पाहिलेली नसते, म्हणून ती लक्षात राहते.

दाव्याची जबाबदारी कंपनीवर ढकलणं

'मी फक्त लिहिलं, छापलं त्यांनी' हे सगळीकडे चालत नाही. १९५४ च्या औषधी व चमत्कारिक उपाय कायद्यात मधुमेह, कर्करोग, मुतखडा अशा आजारांवर इलाज केल्याची जाहिरात करायला बंदी आहे, आणि प्रसिद्धीत कोणत्याही प्रकारे भाग घेणाऱ्याला ती लागू होते. 'शुगर मुळापासून गायब' हे पॅम्प्लेट लिहिण्याचे पाचशे रुपये घेताना एवढं डोक्यात असू द्या. इतर दिशाभूल करणाऱ्या जाहिरातींवर २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानुसार उत्पादकाला १० लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. परत तसंच केलं तर ५० लाखांपर्यंत.

लातूर, नांदेड, संभाजीनगरच्या क्लासेससाठी लिहिणाऱ्यांनी नोव्हेंबर २०२४ मधली केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाची मार्गदर्शक तत्त्वं वाचलेलीच हवीत. निकालानंतर विद्यार्थ्याची लेखी संमती घेतल्याशिवाय त्याचं नाव, फोटो, गुण वापरता येत नाहीत. त्यानं तुमच्याकडे नेमका कोणता कोर्स केला, किती काळाचा, हेही जाहिरातीत द्यावं लागतं. निकालाच्या दिवशी एकाच पोराचा फोटो तीन क्लासेसच्या फ्लेक्सवर झळकतो, ते क्लासेस याच कारणानं अडचणीत येतात. 'सिलेक्शनची गॅरंटी' हा शब्दप्रयोग तर विसराच. त्याऐवजी एका बॅचमध्ये किती पोरं, डाउट सोडवायला सर किती वाजेपर्यंत थांबतात, टेस्टचा पेपर तपासून किती दिवसांत मिळतो, हे लिहा. गावाकडून पोरगं लातूरला पाठवणारा बाप हेच विचारतो. आणि हॉस्टेलच्या मेसबद्दल विचारतो, पण ते सहसा कुणी छापत नाही!

ओढूनताणून गावरान होणं

पुण्या-मुंबईच्या एजन्सीतून आलेला मजकूर चटकन ओळखू येतो. 'आपल्या स्वप्नांना द्या नवी भरारी' हे इंग्रजी ओळीचं मराठी अस्तर. ते टाळायला गेलं की दुसरं टोक: परभणीच्या गिऱ्हाइकाला कोल्हापुरी धाटणीचं 'लई भारी, रांगडं काम'. मराठवाड्याची बोली पूर्व-पश्चिमेत, जिल्ह्या-जिल्ह्यात बदलते. जालन्याचं बोलणं वेगळं, उदगीरचं वेगळं. ती तुमच्या कानात बसलेली नसेल तर साधी प्रमाण मराठी लिहा. लोकांना साधं कळतं. खोटी बोली मात्र चेष्टा केल्यासारखी लागते.

मजकूर बरोबर, पण छापून आला चुकीचा

काही बिघाड लिहिण्यात नसतात, पोचण्यात असतात. तुम्ही मोबाइलवर युनिकोडमध्ये टाइप करून फ्लेक्सवाल्याला व्हॉट्सॲपवर पाठवता. तो कोरल या डिझाइनच्या सॉफ्टवेअरमध्ये जुन्या फॉन्टवर काम करतो, त्यात युनिकोड नीट उमटत नाही, मग मजकूर परत टाइप करतो किंवा कन्व्हर्टरमधून काढतो. रफार उडी मारतो, 'आशीर्वाद'चा 'आर्शिवाद' होतो, 'ऱ्य' तुटतो. प्रूफ आलं की आधी मोबाइल नंबर तपासा आणि त्यावर खरोखर फोन लावून बघा. मग तारीख, मग पत्ता, मग शब्द. शुद्धलेखनाच्या वादात नंबरातला एक आकडा निसटून जातो.

एसएमएसचं गणित वेगळंच. इंग्रजीत एका मेसेजमध्ये १६० अक्षरं बसतात, देवनागरीत फक्त ७०. त्यातही काना, मात्रा, हलन्त वेगळे मोजले जातात. 'क्षेत्र' आपल्याला दोन अक्षरं दिसतात, मोजणीत ती सात होतात. सत्तरच्या वर एक जरी गेलं तरी दोन मेसेजचे पैसे लागतात. 'तुमच्या मराठीनं बिल डबल केलं' असं मालकाकडून ऐकायचं नसेल, तर पाठवण्याआधी मोजून घ्या. मेसेजचा ठरलेला मजकूर (टेम्प्लेट) डीएलटीवर, म्हणजे टेलिकॉम कंपन्यांच्या नोंदणी पोर्टलवर, आधीच मंजूर करून घेतलेला असतो, त्यामुळे बदलत्या तपशिलांसाठी ठेवलेल्या जागा सोडल्या तर आयत्या वेळी त्यात एक शब्दही बदलता येत नाही.

वेबसाइटसाठी लिहीत असाल तर छत्रपती संभाजीनगर आणि औरंगाबाद, धाराशिव आणि उस्मानाबाद ही दोन्ही नावं मजकुरात कुठंतरी येऊ द्या. लोक अजून दोन्ही टाकून शोधतात.

चुकीच्या महिन्यात चांगली ओळ

ऑगस्टमध्ये बाजारपेठेच्या गावात फ्रिजची 'धमाका ऑफर' लावली तर पैसे कुठून येणार? रान भरलेलं असतं, खिसा रिकामा. सोयाबीन मोंढ्यात, म्हणजे धान्य बाजारात, गेलं की पैसा फिरतो, कापसाचा त्यानंतर. त्याआधी लिहायचंच असेल तर हप्त्यांबद्दल लिहा, सवलतीबद्दल नाही.

दोन ओळींचे कसले पैसे?

हा प्रश्न येणारच, म्हणून शब्दावर दर लावू नका. चार शब्दांच्या फ्लेक्सला मग चार रुपये मिळतील. दर कामावर लावा: माहिती गोळा करणं, दोन पर्याय, दोन दुरुस्त्या, प्रूफ तपासणं. 'तिसऱ्या दुरुस्तीपासून वेगळे पैसे' हे सुरुवातीलाच व्हॉट्सॲपवर लिहून पाठवा आणि समोरच्याकडून 'ओके' घ्या. निम्मे पैसे आधी. ओळखीतला असेल तरी, किंबहुना ओळखीतला असेल तर नक्कीच. आणि मजकुराला होकार कोण देणार, त्या एकाच माणसाचं नाव ठरवून घ्या. नाहीतर भावकीतले तिघं तीन बदल सांगतात, शेवटी फ्लेक्सवर मजकूर कमी आणि शुभेच्छुकांचे फोटो जास्त होतात.

नव्यानं सुरुवात करणारे पोर्टफोलिओत, म्हणजे कामाच्या नमुन्यांत, मोठ्या ब्रँडच्या काल्पनिक जाहिराती घालतात. त्यापेक्षा गावातल्या एका डाळमिलचं, वसमतच्या हळदीचं किंवा पैठणीच्या दुकानाचं खरं काम दाखवा. सोबत तीन गोष्टी लिहा: आधीचा मजकूर काय होता, तुम्ही काय बदललं, आणि पुढच्या पंधरवड्यात किती फोन आले. तो शेवटचा आकडा मिळायचा असेल तर पॅम्प्लेटवर वेगळा मोबाइल नंबर छापा, किंवा 'हे पॅम्प्लेट दाखवा, घरपोच फुकट' अशी एक ओळ घाला आणि गल्ल्यावर जमा झालेली पॅम्प्लेट मोजा.